शटरवरची नोटीस

आमच्या व्हरांड्याचं शटर आतून उघडतं. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढचं सगळं त्यावरून झालं. घराचा दरवाजा बाजूच्या बोळात आहे आणि रस्त्याच्या बाजूला व्हरांडा. व्हरांड्यात बायकोचं शिलाई मशीन होतं. सकाळी ती आतूनच शटर वर ढकलायची आणि संध्याकाळी आतूनच खाली ओढायची. कडीही आतल्या बाजूला. बंद शटर रस्त्यावरून कसं दिसतं, हे बघायची वेळ आम्हा दोघांवर कधी आलीच नाही.

ती गेल्यावर शटर उघडायचं काम माझ्याकडे आलं. बंद ठेवलं असतं तरी चाललं असतं. पण लोकांचे कपडे पडले होते. ती नवीन शिवायची नाही, जुनं नीट करून द्यायची. लांब पँट आखूड करायची, ढगळ कोट अंगाबरोबर, पडद्यांना नवी पट्टी. गेली तेव्हा दांडीवर बरेच कपडे लटकत होते, काहींना टाचण्या लावलेल्या. लोक यायचे, दारात घुटमळायचे आणि म्हणायचे, "राहू द्या काका, नंतर येतो." मी म्हणायचो, "नंतर आलात तरी मला शिवता येणार नाही. आत्ताच घेऊन जा." मी जन्मभर लिफ्ट दुरुस्त केल्या. सुईत दोरा ओवायला मला आजही चष्मा पुरत नाही. कपडे टाचण्यांसकट परत दिले. एकाने आपली पँट बहुतेक तशीच घातली, कारण दुसऱ्या दिवशी तो लंगडताना दिसला.

असे दिवस चालले होते आणि एका सकाळी पालिकेचं पथक आलं.

आधी पाडकामाचं पिवळं मशीन आलं, मागून माणसं, आणि सगळ्यांच्या पुढे मुकादम. त्याच्या गळ्यात शिट्टी होती. सगळा भाग त्याला शिट्टीसाहेब म्हणतो. मी शिलाई मशीनजवळच्या स्टुलावर चहा घेऊन बसलो होतो.

"काका, सामान आत घ्या," तो म्हणाला. "चहा पिऊन घ्या आधी, घाई नाही. पण मग लगेच घ्या."

"कसलं सामान?"

"हेच, मशीन वगैरे. व्हरांडा पाडायचाय. रस्त्यात येतो. अतिक्रमण."

"हे कधी ठरलं?"

"ठरून झालं. नोटीस बजावली, सुनावणी लावली, तुम्ही आला नाहीत. गैरहजर. आदेश निघाला."

"कसली नोटीस? मला नाही मिळाली."

त्याला ही उत्तरं पाठ असावीत. त्याने न रागावता फोन काढला आणि फोटो दाखवला. बंद शटर, मधोमध चिकटवलेला कागद, वर आमच्या घराचा नंबर. मी फोटो डोळ्यांजवळ नेला, मग लांब धरला.

"तुमचंच शटर ना?"

"नंबर आमचा आहे. शटर मी पहिल्यांदाच बघतोय."

"सकाळी सकाळी चेष्टा नको, काका."

मी चेष्टा करत नव्हतो. त्याने एका माणसाला खूण केली. त्या माणसाने बाहेरून शटर खाली ओढलं. मी बोळातून वळसा घालून रस्त्यावर आलो. कागद तिथेच होता. रोज शटरबरोबर वर गुंडाळला जायचा, रोज खाली यायचा. निम्मा फाटून गेला होता, उरलेला वंगणाने काळा झाला होता. 'सुनावणी' एवढा शब्द वाचता येत होता. तारखेच्या जागी भोक होतं.

तेवढ्यात समोरचा इस्त्रीवाला हातातलं काम टाकून आला. तोंड पडलेलं.

"काका, मी रोज बघत होतो हो," तो म्हणाला. "मी उजाडायच्या आत येतो ना. उजाडलं की समोर तुमचं शटर आणि त्यावर हा कागद. मग तुम्ही शटर वर घ्यायचात की गायब."

"मग बोलला का नाहीस?"

"जीभच उचलायची नाही. आणि वाटलं, तुम्हाला ठाऊक असणारच. सगळी गल्ली तेच म्हणायची. बायको गेलेल्या माणसाला जाऊन काय सांगायचं, आता व्हरांडाही जाणार आहे म्हणून?"

शिट्टीसाहेब फोनवर बोट सरकवत होता. "तू कशाला एवढा कळवळतोस?" तो इस्त्रीवाल्याला म्हणाला. "तुझीही आहे." आणि त्याने दुसरा फोटो दाखवला.

इस्त्रीवाला फोटोकडे बघतच राहिला. तो अंधारात शटर उघडतो आणि अंधार पडल्यावर बंद करतो. माझ्या शटरवरचा कागद त्याने रोज वाचला होता. स्वतःच्या शटरवरचा त्याला माहीतच नव्हता. पळत जाऊन त्याने शटर खाली ओढलं. कागद होता. आतमध्ये एका बाईंचे कपडे निम्मे इस्त्री झालेले, आणि हा बाहेर उभा राहून मोठ्याने नोटीस वाचतोय. पथकातली माणसं हसायला लागली. मलाही हसू आलं. बऱ्याच दिवसांनी आलं, म्हणून लक्षात आहे.

मी शिट्टीसाहेबाला म्हणालो, "मला सुनावणी हवी."

"आता काय ऐकायचं राहिलंय? मोजणी झालीय. व्हरांडा रस्त्यात येतो. तुमचं म्हणणं आहे का, मोजणी चुकली?"

"नाही. चुकली नसणार."

"मग?"

"मोजणी केलीत. मला कुठे विचारलंत?"

त्याने शिट्टी दोन बोटांत धरून फिरवली. मग थोडं लांब जाऊन फोनवर बोलला. परत आला तेव्हा म्हणाला, "आजचा दिवस थांबतो. ऑफिसात जा, मॅडमना भेटा. त्यांनी लिहून दिलं तर ठीक. नाहीतर उद्या सकाळी मी इथेच. आणि काका, माझ्यावर राग धरू नका. मी फक्त पाडतो."

मी अर्ज लिहिला, इस्त्रीवाल्याने माझा बघून लिहिला. चुकासुद्धा त्याच. आम्ही ऑफिसात गेलो. लेकीला फोन केला होता, ती कामावरून परस्पर आली. जिना चढता चढताच म्हणाली, "बाबा, तिथे जाऊन हट्ट करू नका. तुमचं तोंड बघूनच कळतंय मला."

"मी काय केलं?"

"अजून काही नाही. तेच सांगतेय."

सुनावणीची खोली म्हणजे फायलींच्या कपाटांमधून उरलेली जागा होती. एक खिडकी, तीही कपाटाने निम्मी झाकलेली. टेबलावर काच, काचेखाली जुनी परिपत्रकं, काचेवर नवी. सुनावणी घेणाऱ्या बाई माझ्या लेकीपेक्षा थोड्या मोठ्या असतील. चष्मा डोक्यावर ढकललेला आणि त्या तोच टेबलावर शोधत होत्या. लेकीने खुणेने दाखवला. बाई हसल्या आणि त्यामुळे बोलणं जरा सोपं झालं.

त्यांनी माझा अर्ज वाचला, मी शटरवरून काढून आणलेला फाटका कागद बघितला आणि शिपायाला बोलावलं. नोटिसा चिकटवायचं काम त्याचं. उंच, सडसडीत, बोटांना डिंक वाळलेला.

"नोटीस हातात का दिली नाही?" बाईंनी विचारलं.

"मॅडम, हातात द्यायला दिवसा जावं लागतं. दिवसा लोक अंगावर येतात. मागे एकीने माझ्यावर बादली ओतली."

"पाण्याची?"

"पाण्याची असती तर बोललो नसतो."

इस्त्रीवाल्याने तोंडावर हात धरला.

"म्हणून पहाटे जातो," शिपाई पुढे म्हणाला. "शटर बंद, माणसं झोपलेली. चिकटवलं, फोटो काढला, बजावणी झाली. भांडण नाही, तंटा नाही."

"आणि शटर वर गेलं की नोटीस कुठे जाते?"

शिपायाने छताकडे बघितलं. जणू शटर तिथे होतं. "वर जाते," तो म्हणाला.

बाईंनी शिपायाला बाहेर पाठवलं. मग अर्ज बाजूला ठेवला.

"हे बघा," त्या म्हणाल्या, "मी तुमची अडचण समजू शकते. मी मुकादमाला तोंडी सांगते. महिनाभर तुमच्याकडे कोणी फिरकणार नाही. यांच्याकडेही नाही. तेवढ्यात तुम्ही सामान हलवा, काय व्यवस्था करायची ती करा. फक्त हे अर्ज मागे घ्या."

लेक लगेच म्हणाली, "चालेल." इस्त्रीवाल्यानेही मान हलवली.

मी विचारलं, "आणि महिन्यानंतर?"

"महिन्यानंतर आदेश आहेच."

"म्हणजे माझं ऐकून घेतलं, असं होणार नाही."

"कागदावर नाही. पण महिना मिळेल."

"आणि अर्ज मागे घेतला नाही तर?"

बाईंनी चष्मा काढून पुसला. "तर मला लिहावं लागेल की ही बजावणी झालीच नाही. मग त्या गल्लीतल्या सगळ्या बजावण्या तपासाव्या लागतील. आदेश रद्द करायचे, नव्या नोटिसा काढायच्या, नव्या सुनावण्या घ्यायच्या. माझं काम वाढेल ते सोडा. पण तुमची सुनावणी मी पुढच्याच आठवड्यात लावीन, आणि मोजणी बरोबर असेल तर निकाल तुमच्या विरुद्धच जाईल. मग महिना मिळणार नाही. हे तुम्हाला स्पष्ट सांगते."

त्या खोटं बोलत नव्हत्या. माझ्या भल्याचंच सांगत होत्या, हेही मला कळत होतं.

"सुनावणीच लावा," मी म्हणालो.

लेकीने माझ्या बाहीला धरून मला कपाटाआड नेलं. "बाबा, डोकं ठिकाणावर आहे का? महिना देतायत त्या! देतायत! कोण देतं?"

"मला महिना नको असं नाही."

"मग घ्या की!"

"दवाखान्यातलं आठव," मी म्हणालो. "प्रत्येक गोष्ट आधी ठरायची आणि मग मला कळवायचे. इथे सही करा, तिथे बसा, आता आत येऊ नका. सगळे चांगलेच होते. कोणी आवाज चढवला नाही. पण एकानेही विचारलं नाही, काका, तुम्हाला काय म्हणायचंय."

लेकीने माझी बाही सोडली. मग म्हणाली, "आणि काय म्हणणार होतात?"

ते मलाही माहीत नव्हतं. विचारलं असतं तर कळलं असतं.

बाईंनी तिथेच दोघांना नव्या नोटिसा हातात दिल्या आणि सह्या घेतल्या. बाहेर पडताना इस्त्रीवाला म्हणाला, "काका, तुमच्या नादाने मीही बुडणार बघा." पण त्यानेही अर्ज मागे घेतला नाही. म्हणाला, बादलीची गोष्ट ऐकल्यावर परत यायलाच हवं.

पुढच्या आठवड्यात माझा नंबर आला. खोली तीच, खुर्ची बदललेली. बाईंच्या शेजारी एक टायपिस्ट बसला होता. लेक मागच्या बाकावर. इस्त्रीवाल्याची सुनावणी माझ्यानंतर होती, तो तिच्या शेजारी.

"बोला," बाई म्हणाल्या. "तुमचं म्हणणं सांगा."

घरी मी बरंच जुळवलं होतं. त्यातलं काही आठवेना. म्हणून जे होतं ते सांगायला लागलो.

"मोजणी बरोबर आहे. मी स्वतः टेप लावून पाहिली. आम्ही घर घेतलं तेव्हा व्हरांडा होताच. रस्त्यात आहे की नाही, हे आम्हाला माहीत नव्हतं आणि कोणी सांगितलंही नाही. आतल्या खोलीत उजेड नाही, म्हणून बायकोने मशीन तिथे ठेवलं."

टायपिस्ट टकटक करत होता. मी थांबलो की तो थांबायचा.

"मोजणी मान्य असेल तर तुमचा विरोध कशाला आहे?"

"विरोध नाही, मॅडम. म्हणणं आहे."

"बरं. सांगा."

"रस्ता खरंच अरुंद आहे. तिला त्रास सुरू झाला तेव्हा दवाखान्याची गाडी बोलावली. गाडी आली, पण आत वळेना. कोपऱ्यावर थांबली. ड्रायव्हरने दोनदा प्रयत्न केला, आरसा भिंतीला लागला. मग तिला खुर्चीत बसवून कोपऱ्यापर्यंत नेलं. एका बाजूने मी धरलं, एका बाजूने यांनी." मी मागे इस्त्रीवाल्याकडे हात केला. "ती शुद्धीवर होती. आमच्या व्हरांड्यासमोरून जाताना म्हणाली, शटर उघडंच राहिलं. मी म्हणालो, राहू दे. आणि मनात म्हणालो, कोणी हा रस्ता एवढा अडवून ठेवलाय?"

टकटक थांबली होती. टायपिस्टने बाईंकडे बघितलं.

"हे लिहायचं का?" बाईंनी मला विचारलं. "हे तुमच्या विरुद्ध जातं."

"लिहा. आणि हेही लिहा की गाडी लवकर आली असती तर काही वेगळं झालं असतं असं डॉक्टर म्हणाले नाहीत. तेव्हा त्याचा दोष कोणावर नाही. पण रस्ता अरुंद आहे हे खरं आहे, आणि त्यात आमचा वाटा आहे, तेही खरं आहे."

मागे लेक नाक ओढत होती. मी वळलो नाही. वळलो असतो तर बोलणं तिथेच राहिलं असतं.

"तुम्हाला काही मागायचं आहे?" बाई म्हणाल्या.

"दोन गोष्टी. मशीन लावून पाडू नका, हाताने काढा. मागची भिंत घराची आहे, धक्का लागला तर घर हलेल. आणि कधी येणार तो दिवस मला आधी सांगा. दाराशी येऊन सांगा. चिकटवू नका."

बाईंनी टायपिस्टला सगळं लिहायला लावलं, मला वाचून दाखवलं आणि सही घेतली. एका ठिकाणी त्याने 'खुर्ची'ऐवजी 'खाट' लिहिलं होतं, ते मी दुरुस्त करून घेतलं.

निकाल माझ्या विरुद्ध गेला. व्हरांडा काढायचा, आठवड्याच्या आत. हाताने काढायचा आणि मला आधी कळवायचं, हे दोन्ही त्यात होतं. लेकीने आदेश दोनदा वाचला.

"महिना मिळत होता," ती म्हणाली, "आठवडा घेऊन आलात. शाबास."

पण आदेश तिने स्वतःच्या पर्समध्ये ठेवला, मला परत दिला नाही. मीही मागितला नाही.

इस्त्रीवाल्याचं वेगळंच झालं. त्याच्या दुकानाच्या पुढच्या भागात टेबलाचे पाय ज्या लाद्यांवर होते, त्या लाद्या म्हणजे गटाराचं झाकण होतं आणि ते ऑफिसनेच बसवलेलं होतं. सुनावणीत तो एवढंच म्हणाला की, तुमचं झाकण मी कसं काढू? बाईंनी माणूस पाठवून खात्री केली आणि त्याचं टेबल राहिलं. दोन दिवस तो माझ्याकडे बघेना. मग माझे चार शर्ट न विचारता घेऊन गेला आणि इस्त्री करून आणून ठेवले. त्यात एक कधी इस्त्रीच न केलेला होता, घरात घालायचा.

गल्लीत बाकी काहींचं गेलं, काहींचं राहिलं. एकाने मला रस्त्यात गाठून सुनावलं, "तुमच्या शहाणपणामुळे मला तीन खेपा घालाव्या लागल्या." त्याचं जाणारच होतं, गेलं. दुसरा रोज नमस्कार करायला लागला. त्याचंही गेलंच होतं. तेव्हा नमस्कार कशाबद्दल, ते मी विचारलं नाही.

शिलाई मशीन आम्ही आत घेतलं. लेक आणि जावई आले होते. मशीन आतल्या खोलीत मावत नव्हतं, म्हणून माझी खाट हलवावी लागली. जावई म्हणाला, "विकून टाकूया का?" लेकीने त्याच्याकडे असं बघितलं की तो लगेच पडदे काढायला गेला.

आदल्या दिवशी शिट्टीसाहेब स्वतः सांगायला आला. उद्या सकाळी येतो म्हणाला. मी बरं म्हणालो.

सकाळी मी व्हरांड्यात नुसता बसलो होतो. बोळातल्या दरवाज्याची कडी वाजली. उघडलं तर शिट्टीसाहेब. मागे त्याची माणसं, हातात पहारी आणि हातोडे. पिवळं मशीन नव्हतं. शिट्टी त्याने खिशात ठेवली होती, नुसती दोरी गळ्यात होती.

"काका, सुरू करू का?"

"जरा थांबा," मी म्हणालो.

"किती वेळ?"

"सांगतो."

त्याने माणसांना बसायला सांगितलं. ती बोळात भिंतीला टेकून बसली. एकाने तंबाखू मळायला घेतली. मी परत व्हरांड्यात गेलो. तिथे माझं काही काम राहिलं नव्हतं. सामान आत होतं, दांडी काढली होती, लाद्या मी कालच पुसल्या होत्या. रस्त्यावरून माणसं कामाला जात होती. मी जागच्या जागी उभा राहिलो. बाहेर कोणी घाई केली नाही, कोणी हाक मारली नाही.

मग मी दारात आलो आणि म्हणालो, "करा."